दशी

बाबांच्या दशक्रियेला नदीकाठी प्रवचन झालं. बुवांनी गीतेचा दुसरा अध्याय घेतला. माणूस जीर्ण वस्त्रं टाकून नवी घेतो, तसा आत्मा जुनं शरीर टाकून नवं धारण करतो. मंडळींनी माना डोलावल्या. शाळेत मुलांना हा दृष्टांत मी कितीदा समजावून दिला असेल. त्या सकाळी मात्र मी एकाच शब्दाशी अडले. टाकून.

किन्हवलीच्या आमच्या घरात कुणी वस्त्र टाकलेलं मी कधी पाहिलंच नव्हतं.

घरी आलो तर दोरीवर बाबांचे तीन सदरे तसेच होते. दोन सुती, एक टेरिकॉटचा. भाऊ म्हणाला, नदीत सोडून येतो. आई म्हणाली, "नदीला कशाला? नदी घालणार हाय का?"

तेरावं झाल्यावर ती सदरे घेऊन ओटीवर बसली. सुईत दोरा ओवणं आता तिच्या डोळ्यांना झेपत नाही, म्हणून सुई तिनं मागितलीच नाही. ब्लेडनं बाह्या उसवल्या, मग कॉलर, मग खांद्याची शिवण. पाठीच्या कापडाला कडेला बारीकशी चीर दिली आणि दोन्ही हातांनी ओढलं. सुताच्या रेषेत फाडलं की कापड सरळच फाटतं, कात्री वाकडी जाते, असं ती नेहमी सांगायची. चार चौकोन निघाले. कडेचे दोन-दोन धागे ओढून तिनं दशा सोडल्या आणि त्यांच्या गाठी मारल्या, म्हणजे पुढं उसवायला नको. तिकोनी घडी घातली की लंगोट. माझी भाची तेव्हा सातव्या महिन्यात होती. कोरं कापड तान्ह्याला बोचतं, शंभर वेळा धुतलेलंच लागतं.

दुसरा सदरा तिनं फाडला नाही. बटणं लावली, बाह्या आत घेतल्या, जुन्या गोधडीचा चोथा भरला आणि गळा व घेर चिंध्यांनी आवळून बांधले. ती उशी झाली. बटणांची बाजू खाली ठेवून आई तिच्यावर झोपते. टेरिकॉट पाणी पीत नाही, हातानं फाटत नाही. हळवं भात दाण्यावर आलं होतं. तो सदरा बांबूच्या आडव्या काठीवर चढला, बाह्यांत पेंढा भरला आणि बुजगावणं खाचरात उभं राहिलं. संध्याकाळी बांधावरून येताना मी एकदा थबकले. उजवा खांदा तसाच किंचित उतरलेला होता.

या सगळ्यात एकही टाका पडला नव्हता. तेव्हापासून मी शिवणीचा विचार करते आहे. माणसाच्या अंगावरचं पहिलं वस्त्र लंगोट आणि शेवटचं कोरं कापड, दोन्हींना टाका नसतो. सोवळ्याच्या धोतराला नसतो. हजला जाणारे पुरुष इहराम म्हणून दोन न शिवलेल्या चादरी नेसतात. कापडाला एका माणसाचं माप देते ती शिवण. तेवढा गळा, तेवढी छाती, तेवढा हात. आईनं बाबांचं माप उसवलं. कापड तिनं कापड म्हणूनच ठेवलं.

गीतेचा दृष्टांत खोटा आहे, असं मी म्हणत नाही. तो शोकात बसलेल्या अर्जुनाला सांगितलेला आहे आणि नेसणाऱ्याच्या बाजूनं सांगितलेला आहे. वस्त्राचं पुढं काय होतं, हे तिथं कुणी विचारत नाही. बौद्धांच्या विनयपिटकात ते विचारलंय. कौशांबीच्या उदयन राजाच्या राण्यांनी आनंद भिक्षूला पाचशे चीवरं दिली. एवढ्यांचं करणार काय, असं राजानं विचारलं. आनंद म्हणाला, ज्यांची चीवरं विरली आहेत त्यांना वाटू. मग त्या विरलेल्यांचं? अंथरुणावरचं आच्छादन. मग आच्छादनाचं? गादीची खोळ, मग जमिनीवरचं बसकर, मग पायपुसणं, मग झाडण्याचं फडकं. शेवटी चिंध्या कुटून चिखलात कालवू आणि जमीन लिंपू. आईनं हे कधी वाचलेलं नाही. पण तिच्या पोतेऱ्यात कुणाकुणाचे सदरे आहेत, ते तिला नावानिशी ठाऊक असतं, आणि शेणानं सारवलेल्या आमच्या ओटीत ते उतरलेले आहेत.

शरीर हे वस्त्र असेल, तर उपमा दोन्ही बाजूंनी खरी व्हायला हवी, असं मला वाटतं. बाबांच्या राखेतली एक मूठ आईनं भावाला खाचरात टाकायला लावली होती. तेव्हा मला ती शेतकऱ्याची रीत वाटली होती. आता मी त्या रीतीकडे गीतेवरचं भाष्य म्हणून बघते.

तेराव्यानंतर चार दिवसांनी बीज आली. पाऊस उघडला होता, मावळतीला नखाएवढी कोर दिसली. बीजेच्या चंद्राला अंगावरच्या वस्त्रातली दशी वाहायची आणि म्हणायचं, जुनं घे, नवं दे. आईनं हे वर्षानुवर्षं केलंय, आपल्या पदरातला धागा काढून. यंदा तिनं पदराला हात लावला नाही. घडी करून ठेवलेल्या लंगोटांतून तिनं एक दशी ओढली, अंगणात गेली आणि हात वर केला. मी उंबऱ्यात उभी होते. जुनं घे, एवढंच मला ऐकू आलं.