मुका कोण?

१९२५ सालीं कोल्हापुरास बाबूराव पेंटरांनीं ‘सावकारी पाश’ हा मूकपट काढला. नारायण हरी आपटे यांच्या कथेंतील शेतकरी सावकारापायीं जमीन गमावतो आणि शहरांत गिरणीकामगार होतो. ती भूमिका व्ही. शांताराम यांनीं केली. अशी मूक यातना पाहून डोळे ओलावणें हें सहृदयतेचें लक्षण खरेंच. परंतु तेवढ्यानें कर्तव्य संपतें काय? १९३६ सालीं त्याच कथेचा बोलपट निघाला. यंत्राची उणीव भरून निघाली, आमची राहिली. रसायनीच्या कारखान्यांतील पाळी सुटली म्हणजे आमच्या दारावरून जाणाऱ्या कामगारांना वाचा आहे. आम्हीच कधीं थांबून विचारीत नाहीं. पडद्यावरील माणूस उत्तर मागत नाहीं, म्हणून त्याच्यासाठीं रडणें सोपें. शेजाऱ्याचें मात्र ऐकावें लागतें.