ऐंशी जागा आणि उरलेली मुले



शेतात ज्वारी आणि हरभरा उभा असतो, त्याच दिवसांत चारठाण्यातील आणि आसपासच्या वाड्यावस्त्यांवरील पाचवीची मुले नवोदयच्या प्रवेश परीक्षेच्या तयारीला लागलेली असतात. दोन तास, ८० प्रश्न, १०० गुण. बुद्धिमत्ता, अंकगणित आणि भाषा, एवढेच विषय. परीक्षा मराठीतून देता येते. मात्र ती एकदाच देता येते. निवड झाली नाही तर पुढच्या वर्षी पुन्हा बसता येत नाही. दहा-अकरा वर्षांच्या लेकराला आपण कशाबद्दलही ‘आता पुन्हा संधी नाही’ असे सहसा सांगत नाही. म्हणून या रविवारी या विषयावर थोडा विचार करू या.

नवोदय म्हणजे केंद्र सरकारची सहावी ते बारावीपर्यंतची निवासी शाळा. १९८५-८६ मध्ये प्रयोग म्हणून पहिल्या दोन शाळा उघडल्या. एक हरियाणात झज्जरला आणि दुसरी आपल्या महाराष्ट्रात अमरावतीला. पुढे १९८६ च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणाने प्रत्येक जिल्ह्यात अशी एक शाळा असावी असे ठरवले आणि आज देशात साडेसहाशेच्या आसपास नवोदय विद्यालये आहेत. वसमतच्या नवोदयचे नाव आपल्या भागात माहीत आहे. १९९९ साली हिंगोली जिल्हा वेगळा होईपर्यंत वसमत आपल्याच परभणी जिल्ह्यात होते. एका विद्यालयात सहावीला साधारणपणे ८० मुले घेतात. किमान ७५ टक्के जागा खेड्यातल्या मुलांना, किमान एक तृतीयांश मुलींना. राहणे, जेवण, गणवेश, पुस्तके मोफत. नववीपासून महिन्याला ६०० रुपये निधी घेतात, तोही मुली, अनुसूचित जाती-जमाती आणि दारिद्र्यरेषेखालील कुटुंबांना माफ आहे.

या शाळेची शिकवण्याची रीत आम्हाला मनापासून आवडते. सुरुवातीची वर्षे मुलाच्या स्वतःच्या भाषेत, मग हळूहळू गणित-विज्ञान इंग्रजीतून. अरवली, निलगिरी, शिवालिक, उदयगिरी अशा डोंगरांच्या नावांची चार सदने, आणि सर्व जातिधर्मांची मुले एका पंगतीला. सर्वांत सुंदर गोष्ट नववीची. त्या वर्षी ३० टक्के मुले दुसऱ्या भाषेच्या प्रदेशातील नवोदयमध्ये वर्षभर राहायला जातात. मराठवाड्यातले पोर हिंदी मुलुखात जाते आणि तिकडचे इकडे येते. परका माणूस शेजारी झोपतो, आपल्याच ताटातली चटणी खातो, आजारी पडला की आपणच त्याला पाणी देतो. शेजाऱ्यावर प्रीती करा हे धर्मशिक्षणाच्या वर्गात आपण वर्षानुवर्षे शिकवतो. इथे सरकारने त्याचे वेळापत्रकच करून ठेवले आहे!

मग अडचण कुठे आहे? अडचण ८० या आकड्यात आहे. सरकारचा पैसा म्हणजे सर्वांचा पैसा. एका जिल्ह्यातून थोडी मुले वेचायची, त्यांना प्रयोगशाळा, ग्रंथालय, मैदान, चांगले शिक्षक द्यायचे आणि बाकीच्यांनी असेल त्या शाळेत बसायचे, हे न्यायाचे आहे का? हा प्रश्न जुना आहे. १९६४-६६ च्या कोठारी आयोगाने समान शाळेची कल्पना मांडली होती. श्रीमंताचे आणि गरिबाचे, हुशार आणि साधारण, असे सर्व मूल आपल्या वस्तीजवळच्या एकाच चांगल्या शाळेत शिकावे, अशी ती कल्पना. त्या आयोगाचे सदस्य-सचिव जे. पी. नाईक हे आपल्या कोल्हापूर जिल्ह्यातले. ती कल्पना प्रत्यक्षात आली नाही. १९९० मध्ये आचार्य राममूर्ती समितीने १९८६ च्या धोरणाचा फेरविचार केला, तेव्हा नवोदयबद्दलही प्रश्न विचारले गेले.

दुसरी बाजूही प्रामाणिकपणे मांडली पाहिजे. सर्व शाळा चांगल्या होईपर्यंत ऊसतोड कामगाराच्या हुशार मुलीने थांबायचे का? ती तर तोपर्यंत आजी होईल. शहरातल्या पैसेवाल्याच्या मुलाला चांगली शाळा विकत मिळते. या मुलीला नवोदयशिवाय दार नाही. आम्ही या बाजूला झुकतो. ही शाळा बंद करून उरलेल्या मुलांपैकी एकाचेही भले होणार नाही.

परंतु जागा थोड्या असल्या की माणसाच्या मनाचे काय होते तेही पाहावे लागते. ग्रामीण जागेसाठी मुलाने तिसरी, चौथी आणि पाचवी खेड्यातल्या शाळेत शिकलेली असावी असा नियम आहे. मूल शहरात शिकते आणि नाव गावच्या पटावर असते, असे प्रकार आपण ऐकतो. हे करणारे आईवडील वाईट नसतात, लेकरावर माया असते म्हणूनच करतात. पण खोटी साक्ष न देण्याची आज्ञा शाळेच्या हजेरीपटालाही लागू आहे, आणि त्या खोट्या नावाखाली खेड्यातल्या एका खऱ्या मुलाची जागा जाते. त्या मुलाचा चेहरा आपल्याला दिसत नाही, एवढ्यानेच हे पाप हलके वाटते.

याहून अवघड प्रश्न एका आईने आम्हाला विचारला. तिच्या मुलीने आणि मुलीच्या मैत्रिणीने मिळून रोज रोझरी केली, नोव्हेना केली. मैत्रिणीची निवड झाली, हिची नाही. मुलगी विचारते, देवाने माझे का ऐकले नाही? ‘देवाची इच्छा’ असे म्हणून आपण सुटतो, आणि ते उत्तर आम्हाला पटत नाही. जागा देवाने मोजलेल्या नाहीत, त्या अंदाजपत्रकात मोजल्या गेल्या आहेत. माणसांनी केलेल्या वाटणीची जबाबदारी प्रभूवर टाकणे बरे नव्हे.

संत मत्तयच्या शुभवर्तमानातील द्राक्षमळ्याच्या दाखल्यात मालक दिवस मावळायला आल्यावर पुन्हा चौकात जातो. तिथे काही माणसे अजून उभीच असतात. इथे रिकामे का उभे राहिलात, असे तो विचारतो आणि ती सांगतात की आम्हाला कोणी कामावर घेतलेच नाही. मजुरांच्या नाक्यावर उभे राहिलेल्याला हे उत्तर समजावून सांगावे लागत नाही. ती माणसे आळशी नव्हती, त्यांना कोणी निवडले नव्हते इतकेच. आपण या दाखल्यातली मजुरीच तेवढी लक्षात ठेवतो. मालक शेवटच्या तासालाही बाहेर पडला, हे विसरतो.

असा बाहेर पडणारा एक धर्मगुरू इटलीत होऊन गेला. डॉन लोरेन्झो मिलानी यांना १९५४ मध्ये बार्बियाना नावाच्या डोंगरातल्या लहानशा वस्तीत पाठवले गेले. सरकारी शाळेत नापास होऊन घरी बसलेल्या शेतकऱ्यांच्या मुलांना त्यांनी चर्चजवळच शिकवायला सुरुवात केली. शाळा दिवसभर चाले, सुट्टी जवळजवळ नसे. मोठ्या मुलाने धाकट्याला शिकवायचे आणि ज्याला समजले नाही त्याच्यासाठी सर्वांनी थांबायचे, अशी तिथली पद्धत. त्याच मुलांनी मिळून एका शिक्षिकेला उद्देशून पत्ररूपाने पुस्तक लिहिले आणि शाळा कोणाची मुले गाळते याचा हिशेब आकड्यांनिशी मांडला. ते १९६७ साली प्रसिद्ध झाले. त्याच वर्षी मिलानी वारले. वरिष्ठांशी त्यांचे फारसे जमले नव्हते. पण २०१७ साली पोप फ्रान्सिस स्वतः बार्बियानाला जाऊन त्यांच्या कबरीपाशी प्रार्थना करून आले. उशीर झाला, पण झाले.

आपल्या चर्चच्या शाळांनीही या आरशात पाहायला हरकत नाही. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने १९६५ मध्ये शिक्षणावरील घोषणापत्रात गरिबांची आणि ज्यांना घरचा आधार नाही अशांची विशेष आठवण करून दिली. आपल्या कॉन्व्हेंटच्या दारातही प्रवेशाच्या दिवशी रांग लागते. कोण आत आले ते आपण मोजतो. कोण परत गेले ते मोजत नाही.

नवोदयच्या मूळ उद्देशांत एक गोष्ट अशीही आहे की या शाळेने आपले अनुभव आणि सोयी वाटून घेऊन जिल्ह्यातील इतर शाळांना पुढे न्यावे. आमच्या मते सगळे प्रकरण या एका कलमावर उभे आहे. ऐंशी जणांना दिलेले उरलेल्यांपर्यंत पोचत असेल तर ती निवड न्यायाची. नाही तर ती नशिबाची सोडत. अब्राहामाला देवाने निवडले तेही सर्व कुळांना आशीर्वाद मिळावा म्हणून, हे आपण जाणतो. चारठाण्याच्या जुन्या देवळांच्या खांबांवर नक्षी काढणारे हात थोडे असतील, पण दगड फोडणारे, वाहणारे आणि पाया भरणारे कितीतरी असले पाहिजेत, आणि नक्षीचा हात असणारा त्यांच्यातूनच शिकून वर आला असेल.

नवोदयमध्ये आणि बोर्डिंगमध्ये शिकणारी आपल्या धर्मग्रामातील मुले उन्हाळ्याच्या सुट्टीत घरी येतात. त्यांनी रोज सकाळी दोन तास चौथी-पाचवीच्या मुलांना गणित आणि वाचन शिकवावे, असे आम्ही सुचवतो. मुले कोणत्याही धर्माची असोत, परीक्षेला बसणार असोत वा नसोत. खोली आहे, फळा आहे, पाण्याचा माठ भरायला कोणीतरी हवे. ज्या मुलीचा उल्लेख वर आला, ती दुसरीच्या मुलांना पाढे शिकवायला तयार आहे. नावे मिस्सानंतर द्यावीत.