ऋण आणि अवमान

देणे न फेडणाऱ्यास तुरुंगात घालावे काय, हा प्रश्न महाराष्ट्रास नवा नाही. 1875 साली सुपे येथे सावकारांविरुद्ध दंगा उसळला, तो पुणे व नगर जिल्ह्यांत पसरला, आणि 1879 साली दक्षिणेतील शेतकऱ्यांच्या संरक्षणाचा कायदा झाला. पैशाच्या हुकूमनाम्यासाठी शेतकऱ्यास अटक करू नये, असे त्याने ठरविले. परंतु तो प्रथम पुणे, सातारा, सोलापूर व अहमदनगर ह्या चारच जिल्ह्यांस लागू होता. त्यामुळे संगमनेरचा कुणबी कैदेच्या भयातून सुटला. शिवेअलीकडचा सिन्नरचा कुणबी मात्र, त्याचा तालुका नाशिक जिल्ह्यात म्हणून, तेव्हा सुटला नाही. पुढे कायद्याचे क्षेत्र वाढले. तथापि कैद मनुष्याच्या दोषासाठी असावी, दारिद्र्यासाठी नसावी, हे तत्त्व त्याच वेळी आपल्याकडे रुजले. 1980 साली न्यायमूर्ती कृष्ण अय्यर ह्यांनी तेच सांगितले: केवळ फेड झाली नाही एवढ्यावरून ऋणकोस डांबता येत नाही, त्याची नियत खोटी असली पाहिजे.

मग न्यायालयाच्या अवमानाबद्दल देणेकऱ्यास होणाऱ्या शिक्षेचे काय? ही मागच्या दाराने आणलेली ऋणकैदच नव्हे काय, असे कोणी विचारील. 1971 च्या कायद्याप्रमाणे न्यायालयाचा हुकूम किंवा न्यायालयास दिलेले वचन बुद्धिपुरस्सर मोडणे हा दिवाणी अवमान होय. त्यास सहा महिन्यांपर्यंत साधी कैद सांगितली आहे. 20 फेब्रुवारी 2019 रोजी सर्वोच्च न्यायालयाने मुंबईचे उद्योगपती अनिल अंबानी ह्यांस ह्याच दोषास पात्र ठरविले. एरिक्सन कंपनीचे 550 कोटी रुपये देण्याचे कबूल करून ते दिले नव्हते. उरलेले सुमारे 453 कोटी चार आठवड्यांत द्या, नाहीतर तीन महिने कैद भोगा, असा हुकूम झाला. आणि मुदतीच्या आत पैसे भरले गेले. येथे शिक्षा ऋणास नव्हती, मोडलेल्या शब्दास होती. ऐपत आणि नियत ह्यांची पारख झालेली असेल, तर अशा शिक्षेत आम्हांस अन्याय दिसत नाही. ती पारख झाली नाही, तर मात्र वरील आक्षेप खरा ठरेल.

पण दुसरीही एक बाजू आहे. सिन्नर हे विड्यांच्या धंद्याचे जुने गाव. तेथे बायका घरी बसून विड्या वळतात आणि हजारी दराने मजुरी घेतात. घरी वळणाऱ्यांसही भविष्यनिर्वाह निधीचा हक्क आहे, हे 1985 साली सर्वोच्च न्यायालयाने मान्य केले. समजा, अशा एका बाईस तिच्या येण्याबद्दल निकाल मिळाला. कामगाराच्या येण्याच्या वसुलीचा दाखला जिल्हाधिकाऱ्याकडे जातो आणि रक्कम जमीनमहसुलाच्या थकबाकीप्रमाणे वसूल व्हावयाची असते. दाखला दप्तरात पडून राहिला तर ती काय करणार? वरच्या न्यायालयात जावे, तर वकिलाची फी आणि बुडालेली मजुरी मिळून मूळ येण्याहून जड व्हावयाची. हुकूम तिच्याही बाजूचा आहे, तोही मोडलाच गेला आहे. पण तेथे अवमान झाला, असे कोणास वाटत नाही.

अवमान हा शब्द उच्चारताच आपल्या डोळ्यांपुढे न्यायासन येते. आमच्या मते, न्यायासनावर बसलेल्याचे हुकूममोडीने फारसे बिघडत नाही. त्याचा मान त्याच्या अधिकारात सुरक्षित आहे. खरा अवमान होतो तो दाराशी धरणे धरण्याचे किंवा बळजोरीचे मार्ग सोडून, कायद्यावर विश्वास ठेवून, निकालाचा कागद घेऊन घरी गेलेल्या मनुष्याचा. न्यायालयाची प्रतिष्ठा म्हणजे अशा माणसांच्या विश्वासाची साठवण होय. ती साठवण 453 कोटींच्या हुकुमासाठी जितकी जपली जाते, तितकीच चार हजारांच्या हुकुमासाठी जपली गेली पाहिजे. एरव्ही 1879 साली जिल्ह्याच्या शिवेवर थांबलेला न्याय आज रकमेच्या शिवेवर थांबला, एवढाच फरक म्हणावा लागेल.