वाढलेली काच

बांगडी फुटली असं आपल्याकडे म्हणत नाहीत, वाढली म्हणतात. नारळही वाढवतात. त्या वाढलेल्या काचा गोळा करून मुली अंगणात काचापाणी खेळत, आणि तेच तुकडे आरशाच्या तीन पट्ट्यांमध्ये पडले की शोभादर्शक तयार होई. नळी जराशी फिरवली की डोळ्यांपुढची नक्षी गेली. ती पुन्हा तशीच आणता येत नाही, हे सहा-सात वर्षांच्या पोरालाही कळायचं. काळाची इतकी थेट ओळख मला पुढे कुठल्या पुस्तकाने करून दिली नाही.

पोलादपूरच्या एस.टी. स्टँडवर महाबळेश्वरची गाडी लागायची वाट बघताना माझ्या मनात एक भिंत उभी राहते. ती तिथे नाही, मीच कल्पनेत बांधली आहे. काचेच्या तुकड्यांनी मढवलेली, उत्तरेकडे तोंड केलेली. चित्र सावित्री नदीचं. वर महाबळेश्वरचं धुकं, मध्ये पोलादपूरची वळणं, खाली महाड आणि मग बाणकोटची खाडी. महाडापाशी निळ्या काचेचा एक चौकोन, चवदार तळ्याचा. 20 मार्च 1927 ला डॉ. आंबेडकर त्या तळ्यावर पाणी प्यायले. त्या ओंजळीवरचा कोर्टातला वाद मुंबई हायकोर्टात संपायला 1937 साल उजाडलं.

पण भिंतीवर काळ दाखवायचा म्हणजे प्रसंग ओळीने मांडायचे, असं मला वाटत नाही. जुन्या चर्चच्या खिडक्यांची काच खाली जाड झालेली दिसते, म्हणजे काच शतकानुशतकं हळूहळू वाहते, असं पुष्कळांना वाटतं. ते खरं नाही. त्या काळी काचेचा पत्राच असमान तयार व्हायचा. काच वाहत नाही, हलतो तो उजेड. इटलीतल्या रावेन्नाला सान व्हिताले हे चर्च आहे, 547 साली अर्पण झालेलं. तिथल्या कारागिरांनी भिंतींवर काचेचे तुकडे सपाट न बसवता किंचित कलते बसवले. त्यामुळे बघणारा दोन पावलं सरकला की एक सोनेरी ठिणगी विझते आणि दुसरी पेटते.

आता उत्तरेची भिंत का, तर पोलादपूर साधारण 18 अक्षांशावर आहे. 12 मेच्या आसपास माध्यान्हीचा सूर्य इथे बरोबर डोक्यावर येतो आणि सावली पायाखाली जाते. मग तो उत्तरेला सरकतो आणि 1 ऑगस्टच्या सुमारास पुन्हा डोक्यावरून परततो. वर्षातले हे ऐंशीएक दिवसच भरदुपारचं ऊन उत्तरेच्या भिंतीला लागतं. तेही अगदी तिरकं, कारण सूर्य डोक्यावरून जास्तीत जास्त साडेपाच अंशच कललेला असतो. सपाट काचेवरून ते ऊन घसरून जाईल, वर तोंड करून बसवलेली काच ते झेलेल. पण सात जूनच्या मागेपुढे पाऊस येतो आणि आभाळ मिटतं. उरतात मेमधले थोडे दिवस, नेमके मुंबईचे चाकरमानी गावी आलेले असतात तेव्हाचे.

आणि दुसऱ्यांदा सूर्य डोक्यावर येतो तेव्हा या मुलखात तो कुणालाच दिसत नाही. इथल्या काळ्या तारखा त्याच आठवड्यांतल्या. जुलै 2005 मध्ये दासगाव आणि जुई दरडींखाली गेली. 2 ऑगस्ट 2016 च्या रात्री सावित्रीवरचा ब्रिटिशकालीन पूल एस.टी. गाड्यांसकट वाहून गेला. 22 जुलै 2021 ला तळिये दरडीखाली गेलं, पोलादपूर तालुक्यात केवनाळे आणि साखर-सुतारवाडीवर दरडी आल्या. एकट्या तळियेत 80 हून जास्त माणसं गेली. नवा पूल 165 दिवसांत उभा राहिला. डोंगर पुन्हा कसा उभा करणार?

इथे ‘वाढलं’ म्हणायला माझी जीभ रेटत नाही. आपल्या भाषेने फुटण्यावर घातलेली ती फुंकर बांगडीला पुरते, गावाला पुरत नाही. म्हणून त्या जागी मी काच लावणार नाही. तिथे काळ्या पाषाणाचा चुरा थापायचा, तुकड्यांमधल्या सांध्यांतही तोच भरायचा. सह्याद्रीचा हा दगड साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्याचा, म्हणजे काचेसारखाच वितळून गोठलेला. दगडी स्मारकावर तारीख कोरली की काळ त्या तारखेपाशी थांबतो. घरातलं माणूस गेलं त्या घरात मात्र सकाळ होतेच, चूल पेटतेच, आणि त्या सकाळी उठणं हेच सगळ्यांत अवघड असतं. स्मारकाने त्या रोजच्या सकाळींना जागा द्यायला हवी. काळा भाग काळाच राहील, त्याच्या कडेच्या काचांवरून मात्र दिवस सरकत जाईल.

कवींद्र परमानंदांचं शिवाजी महाराजांवरचं ‘शिवभारत’ हे काव्य अपुरं आहे. 31 अध्याय पूर्ण, 32 वा सुरू होऊन तुटतो. त्यांची समाधी इथेच, पोलादपुरात. भिंतीचा खालचा कोपरा मीही मोकळा ठेवतो, हात पोचेल इतक्या उंचीवर. दर मे महिन्यात तिथे थोडं ओलं सिमेंट लावायचं. एखादी आजी रुमालाची गाठ सोडून हिरव्या बांगडीचा तुकडा काढेल. तो कुणाच्या हातातला, ते विचारायचं नाही. आजी, जरा वर तोंड करून लावा, एवढंच सांगायचं.