गुड फ्रायडेची सुट्टी

२०१९ साली दादरा-नगर हवेलीच्या प्रशासनाने गुड फ्रायडेची सक्तीची सुट्टी ऐच्छिक केली. प्रकरण मुंबई उच्च न्यायालयात गेले आणि न्यायालयाने सुट्टी पूर्ववत करायला लावली. ज्याला हवी त्याला रजा मिळतच होती, मग हा आग्रह कशाला? या प्रश्नाचे उत्तर त्या दिवसाच्या विधींत आहे. गुरुवारी संध्याकाळच्या मिस्सानंतर कॅथलिक चर्चमधली वेदी उघडी केली जाते, तिच्यावरचे वस्त्रसुद्धा उतरवतात. घंटा ईस्टरच्या जागरणापर्यंत मुक्या राहतात. शुक्रवारी मिस्साच होत नाही. दुपारी तीनच्या सुमारास येशूच्या दुःखसहनाची कथा वाचतात आणि माणसे एकामागून एक क्रुसाला वंदन करतात. मांस वर्ज्य, पूर्ण जेवण एकदाच. कोणी कोणाला रडायला सांगत नाही. दुःख तारखेवर येत नाही, हे परंपरेला ठाऊक असावे. म्हणून ती रोजच्या गोष्टी काढून घेते आणि उरलेल्या रितेपणासमोर सगळ्यांना एकत्र उभे करते. एकट्याच्या रजेने हे साधत नाही.

शहराला रितेपणा सोसत नाही. बँका बंद, शेअर बाजार बंद. शनिवार-रविवार जोडला की लोणावळा-अलिबागचे रस्ते तुंबतात. जबलपूरजवळच्या सिहोऱ्यासारख्या गावात तर बहुतेकांना हा दिवस बँकेच्या बंद दारावरूनच कळत असणार. यावर कोणी म्हणेल, सरकारने सुट्टी दिली, ती कशी घालवायची हे ज्याचे त्याने ठरवावे. मान्य. शेजाऱ्याने शोक पाळावा असे माझे म्हणणे मुळीच नाही. पण २०१५ मध्ये देशातल्या मुख्य न्यायमूर्तींची परिषद गुड फ्रायडेलाच, ३ एप्रिलला, सुरू झाली. न्यायमूर्ती कुरियन जोसेफ यांनी पत्र लिहून आक्षेप घेतला, तरी परिषद ठरल्याप्रमाणे झाली. इथे अडचण कोणाच्या सहलीची नव्हती. दिवसाची जाणीवच नव्हती.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे: उपवास गुपचूप करा, असे खुद्द येशूनेच शिकवले, मग सार्वजनिक सुट्टीचा हट्ट का? त्या शिकवणीचा रोख भक्तीच्या प्रदर्शनावर होता. येशूचा मृत्यू मात्र उघड्यावर, वल्हांडणाच्या गर्दीने भरलेल्या यरुशलेमाच्या वेशीबाहेर घडला; येणारे-जाणारे ते पाहत होते. फादर स्टीफन्स यांनी १६१६ च्या ख्रिस्तपुराणात ही कथा मराठी ओवीत आणली, म्हणजे चारशे वर्षे ती आपल्याही भाषेत आहे. तेव्हा परीक्षेचे वेळापत्रक किंवा बैठकीची तारीख ठरवताना हा शुक्रवार कॅलेंडरवर पाहून घेणे, एवढे तरी आपल्याकडून व्हायला हवे.