फुटका मोदक

भंडारा जिल्हा भाताचा. भाद्रपदात वैनगंगेच्या दोन्ही अंगांना बांध्या हिरव्यागार असतात, आणि चिन्नोर शिजायला लागला की शेजाऱ्याला भूक लागते. असं असूनही आमच्या घरचा गणपती पिढ्यान्‌पिढ्या कणकेचे तळलेले मोदकच खात आला. तांदळाच्या उकडीचा मोदक आमच्याकडे आला तो हिच्याबरोबर, दापोलीहून.

परवाच्या चतुर्थीला हिचा उजवा हात प्लास्टरमध्ये होता. मी म्हटलं, "मोदक मी करतो." जी वस्तू तीस वर्षं खाल्ली ती करता येणार नाही, असं कुठल्याच नवऱ्याला वाटत नाही.

भांडंभर पिठी, तितकंच पाणी, चमचाभर तूप, चिमूटभर मीठ. इथवर मी आचार्य होतो. पण उकड गरम असतानाच मळावी लागते. "गरम म्हणजे किती?" विचारलं, तर ही म्हणाली, "हात भाजेल इतकी." मी ती निवू दिली. निवलेल्या उकडीची पारी कळ्या पाडताना तडकते, हे ज्ञान मला पंधरा मिनिटांनी झालं. जपानात तांदळाच्या पिठाच्या गोळ्या करून काडीला ओवतात, त्यांना दांगो म्हणतात. त्यांना बरं आहे. चिकट जातीचा तांदूळ हाताशी, आणि गोळीत सारण नाही. ज्याच्या पोटात काही नाही त्याला फुटायची भीती कसली?

एकवीसपैकी नऊ फुटले. बारा अखंड देवापुढे मांडले. बाप्पाने मोजले नसावेत. पानं वाढायला घेतली आणि माझा हात थांबला. हे नऊ कोणाला?

तीस वर्षं हा प्रश्न मला पडला नव्हता. फुटका हिच्या पानात जायचा. "मला फुटकाच आवडतो," असं ही म्हणायची आणि मी विश्वास ठेवायचो. माझी आईही करपलेली भाकर स्वतःकडे ओढून म्हणायची, "मले करपलेलीच बरी लागते." वडिलांचाही तिच्यावर विश्वास होता. आमच्या घरातले पुरुष पहिल्यापासून फार विश्वासू.

आता हे खोटं म्हणायचं, तर ते बोलणारीचं की ऐकणाऱ्याचं? तिने एकदाच सांगितलं असतं तर गोष्ट वेगळी. पण दरवर्षी सांगावं लागलं, म्हणजे दरवर्षी कुणीतरी विचारलं असलं पाहिजे. विचारणारा मीच. उत्तर ठाऊक असताना विचारणं, ही आमची सभ्यता!

मी हिच्या पानात अखंड मोदक ठेवले, नाकी-डोळी सुरेख निवडून. फुटके स्वतःकडे घेतले. मनात त्यागाची भावना दाटून आली होती. ती मोडवेना म्हणून पहिला घास जरा गंभीरपणे घेतला.

आणि थांबलो. फुटीतून गूळ बाहेर येऊन हळदीच्या पानावर उतरला होता. खोबरं त्यात मुरून चिवट झालं होतं, पानाचा वास आतपर्यंत गेला होता. अखंड मोदकात हे कधीच नव्हतं.

मी हिच्याकडे पाहिलं. ही डाव्या हाताने सुरेख मोदकाच्या कळ्या मोडत होती आणि नजर माझ्या पानावर होती.

"अहो," ही म्हणाली, "त्यातला एक इकडे द्या."

"खरंच आवडतो?"

"द्या म्हटलं ना!"

मी दिला. पण सगळ्यांत लहान होता तो दिला, हे कबूल केलं पाहिजे.