ज्ञान कोणाच्या मालकीचे?

चोरीला मनाई करणारी सातवी आज्ञा आपल्या लेकरांना धर्मशिक्षणाच्या पहिल्या वर्गातच पाठ होते. शेजाऱ्याची कोंबडी, खळ्यावरचे धान्य, पतपेढीतला पैसा यांवर हात टाकणे म्हणजे चोरी, हे कोणालाही समजावून सांगावे लागत नाही. परंतु एखाद्याने लावलेला शोध, रचलेले गीत, निवडून काढलेले बियाणे किंवा घडवलेले अवजार दुसऱ्याने न विचारता वापरले, तर ती चोरी ठरते काय? या प्रश्नाचे उत्तर तितक्या सहजपणे ओठांवर येत नाही. साक्रीसारख्या तालुक्याच्या गावीही आज वेल्डिंगच्या दुकानात नवी जुगाडे घडवणारे तरुण आहेत; आपल्या धर्मग्रामांतील मुले अभियंते, औषधनिर्माते, संगणकतज्ज्ञ झाली आहेत. पेटंट, कॉपीराइट, बौद्धिक संपदा हे शब्द त्यांच्या कानांवर रोज पडतात. तेव्हा या विषयाचा कायदा काय आहे आणि त्यामागील नीती काय आहे, याचा विचार आपण कुटुंबात बसून करावा, असे आम्हांस वाटते.

प्रथम शब्दाचाच अर्थ पाहू. ‘पेटंट’ हा शब्द ज्या लॅटिन धातूपासून आला, त्याचा अर्थ ‘उघडे असणे’ असा आहे. पुष्कळांना वाटते, पेटंट म्हणजे गुपित कुलपात ठेवण्याचा परवाना. वस्तुस्थिती नेमकी उलट आहे. मराठीत ज्याला आपण ‘एकस्व’ म्हणतो, तो समाज आणि शोधक यांच्यातील एक सौदा आहे. शोधकाने आपली युक्ती, ती कशी साधते यासह, सविस्तर लिहून सर्वांसाठी उघडी करावी. मोबदल्यात समाजाने अर्जाच्या तारखेपासून 20 वर्षे ती धंद्यासाठी वापरण्याचा एकट्याचा हक्क त्याला द्यावा. मुदत सरली की शोध सर्वांचा. त्यासाठी तीन कसोट्या आहेत: शोध नवा हवा, त्या विद्येतील जाणत्याला सहज सुचण्यासारखा नसावा, आणि त्याचा उद्योगात उपयोग व्हावा. येथे आमच्या तरुण कारागिरांना एक व्यवहाराची गोष्ट सांगितली पाहिजे. आधी अर्ज, मग प्रदर्शन. जत्रेत, कृषी मेळाव्यात वा वर्तमानपत्रात वस्तू आधी मिरवली, तर तिचे ‘नवेपण’ सहसा तेथेच संपते. तयारी अपुरी असेल, तर प्राथमिक स्वरूपाचा अर्ज करून पूर्ण तपशील देण्यास 12 महिन्यांची सवलत मिळते.

आपल्या देशात असा कायदा प्रथम 1856 साली झाला आणि त्याखालील पहिला हक्क कोलकात्यातील एका गोऱ्या गृहस्थाला मिळाला, तो पंखा ओढण्याच्या यंत्राबद्दल. पंखा ओढणारा गरीब गडी त्या कागदात कोठेच नव्हता. स्वातंत्र्यानंतर 1970 चा कायदा आला. औषध घडवण्याच्या कृतीवर हक्क मिळेल, खुद्द औषधावर नाही, असे त्याने ठरवले. त्यामुळे भारतीय कारखाने स्वस्त औषधे करू लागले. पुढे जागतिक व्यापार करारामुळे 2005 साली औषधांवरील एकस्व पुन्हा आले.

आता मूळ प्रश्नाकडे वळू. बैल चोरीला गेला, तर मालकाचा गोठा रिकामा होतो. परंतु आपली युक्ती दुसऱ्याने उचलली, तरी ती आपल्या डोक्यातून नाहीशी होत नाही. दिव्याने दिवा लावल्याने पहिला दिवा विझत नाही. मग शोधकाचे नेमके गेले काय? आमच्या मते तीन गोष्टी निरनिराळ्या पाहिल्या पाहिजेत: शोधाला लागलेले नाव, शोधापासून होणारा लाभ आणि शोधाचा उपयोग. या तिहींची गल्लत केल्यानेच या विषयात इतका गोंधळ माजतो.

नावाची गोष्ट आम्ही एका शेतकऱ्याच्या आधारे सांगू. चंद्रपूर जिल्ह्यात नागभीड तालुक्यातील नांदेड या खेड्यात दादाजी खोब्रागडे नावाचे अल्पभूधारक, दलित शेतकरी होते. शिक्षण तिसरीपर्यंत, जमीन दीड एकर. 1983 साली ‘पटेल 3’ या भाताच्या शेतात काही लोंब्या त्यांना निराळ्या दिसल्या. त्यांनी त्या बाजूला काढल्या, जपल्या, वर्षानुवर्षे वेगळ्या पेरून पारखल्या. त्यातून बारीक दाण्याचे, चवदार, भरघोस वाण तयार झाले. त्या काळी लोकप्रिय असलेल्या मनगटी घड्याळावरून त्याला ‘एचएमटी’ असे नाव पडले आणि ते बियाणे हातोहात परप्रांतांत गेले. पुढे पंजाबराव देशमुख कृषी विद्यापीठाने ते बियाणे नेले आणि 1998 साली ‘पीकेव्ही एचएमटी’ या नावाने वाण प्रसारित केले. बियाण्याची शुद्धता आपण साधली, असे विद्यापीठाचे म्हणणे. मूळ शोधकाचे नाव राहून गेले, ही दादाजींची खंत. 2005 साली राष्ट्रपती डॉ. अब्दुल कलाम यांच्या हस्ते त्यांचा गौरव झाला, आणखीही वाणे त्यांनी शोधली. परंतु 2018 साली त्यांचे निधन झाले, ते आजारपणात आणि ओढगस्तीत.

लक्षात घ्यावे, की दादाजींनी बियाण्याला कुंपण घातले नव्हते. शेजाऱ्यापाजाऱ्यांनी ते पेरले, याचे त्यांना दुःख नव्हते. ‘हे माझ्या हातून झाले’ एवढे सत्य जगाने मान्य करावे, अशी त्यांची मागणी होती. नाव पुसणे हे असत्य आहे, आणि म्हणून तेथे केवळ सातवीच नव्हे, तर खोटी साक्ष देण्याविरुद्धची आठवी आज्ञाही मोडते. नावाला मुदत नाही आणि ते विकताही येत नाही. आपल्या 1957 च्या कॉपीराइट कायद्यानेही हे ओळखले आहे: लेखकाने आपले सर्व हक्क विकले, तरी कृती आपली आहे असे सांगण्याचा त्याचा हक्क शिल्लक राहतो. मग आपल्या मिस्सा-गीतांच्या पुस्तिका पाहाव्यात. किती गीतांखाली कवीचे व चाल बांधणाऱ्याचे नाव असते? धर्मविधीत गीत गाण्यास कायद्याची आडकाठी नाही. परंतु पुस्तिका छापताना नाव गाळण्यास कोणता विधी सबब ठरेल? एक ओळ छापण्याचा खर्च तो किती!

दुसरी गोष्ट लाभाची. मजुराची मजुरी अडवणे हे स्वर्गापर्यंत आक्रोश करणारे पाप, असे धर्मशिक्षण सांगते. बुद्धीने राबणाराही मजूरच आहे. पोप जॉन पॉल दुसरे यांनी 1991 च्या आपल्या परिपत्रकात जमिनीइतकीच महत्त्वाची अशी मालकीची नवी जात सांगितली, ती ज्ञान, तंत्र आणि कौशल्य यांची. तेव्हा शोधकाला काही काळ लाभ मिळावा, हे न्याय्यच आहे. मात्र तो लाभ मुदतीचाच का, याचेही उत्तर दिले पाहिजे. आमच्या मते कारण असे, की कोणताही शोधक रिकाम्या हाताने आरंभ करीत नाही.

याचा दाखला आमच्या पांझरा नदीवर आहे. पिंपळनेरच्या परिसरात काही शतकांपूर्वीपासून फडपद्धती चालत आली. नदीवर बंधारा, बंधाऱ्यातून पाट, पाटाखालच्या जमिनीचे फड. एका फडात सर्वांनी ठरवून एक पीक घ्यायचे, पाणी पाटकऱ्याने पाळीपाळीने सोडायचे, दुरुस्तीचा भार सर्वांनी वाटून घ्यायचा. पाणी, पीक आणि माणूस यांची अशी सांगड घालणारी ही केवढी मोठी कल्पना! तिचा जनक कोण, हे कोणी सांगू शकत नाही. पुष्कळ फड आता मोडले. तरी आजही अभ्यासक ती पद्धती शिकण्यास येतात. प्रत्येक शोधकाच्या बुद्धीला असा एखादा अनामिक पाट पाणी पुरवीत असतो. म्हणून त्याने काही वर्षे आपल्या वाफ्याचे पीक घ्यावे. पाट मात्र बांधून टाकू नये.

पाट बांधून टाकण्याचा प्रयत्न कसा होतो, हे हळदीच्या प्रकरणात दिसले. हळदीने जखम भरते, यावर 1995 साली अमेरिकेतील मिसिसिपी विद्यापीठाच्या वैद्यकीय केंद्राला एकस्व मिळाले. शोधक म्हणून नोंद झालेले दोघेही भारतीय वंशाचे होते, हे येथे मुद्दाम सांगतो. लोभाला गोरा-काळा असा वर्ण नसतो. गोव्यातील माशेलचे सुपुत्र डॉ. रघुनाथ माशेलकर यांच्या नेतृत्वाखाली भारताच्या वैज्ञानिक व औद्योगिक संशोधन परिषदेने त्याला आव्हान दिले. जुने ग्रंथ आणि 1953 सालचा एका वैद्यकीय नियतकालिकातील लेख पुढे ठेवला, आणि 1997 साली ते एकस्व रद्द झाले. विजय मोठा खरा. परंतु त्यातील एक मेख आपण विसरू नये. आजीच्या हातची हळद पुरावा ठरली नाही. ठरला तो छापील कागद.

साक्रीच्या पश्चिमेस भिल्ल, कोकणी, मावची बांधवांच्या वस्त्या आहेत. कोणत्या झाडाची साल कोणत्या दुखण्यावर उगाळावी, हे तेथील वडीलधाऱ्यांना ठाऊक आहे. कागदावर मात्र त्यातले फार थोडे आहे. पुष्कळदा जाणता माणूस ते गुपित कोणालाही न सांगता जातो. सांगितले तर गुण जातो, अशी समजूत असते. मिळालेले धन जमिनीत पुरणाऱ्या त्या चाकराचा दाखला प्रभूने सांगितला, तो येथे आठवतो. पुरलेले ज्ञान ना मालकाच्या उपयोगी, ना गावाच्या. 2002 च्या जैवविविधता कायद्याने गावोगावी लोक जैवविविधता नोंदवही करण्याची तरतूद केली आहे. आणि भारतातील जैविक संपत्तीवर आधारलेल्या शोधाचा हक्क मिळण्यापूर्वी राष्ट्रीय प्राधिकरणाची संमती किंवा त्याच्याकडे नोंदणी घ्यावी लागते. आपल्या शिकलेल्या मुलांनी आजोबांजवळ बसून, त्यांच्या संमतीने आणि त्यांच्या नावासह, ही नोंद करून घेतली तर ती मोठी सेवा होईल. समूहाच्या ज्ञानाला समूहाचा हक्क मिळू शकतो, हे आपल्या खानदेशातच दिसते. जळगावची केळी, जळगावचे भरिताचे वांगे आणि 1998 पर्यंत आपल्याच धुळे जिल्ह्यात असलेल्या नवापूरची तूरडाळ यांना 2016 साली भौगोलिक मानांकन मिळाले. ते नाव कोणा एका शेटजीचे नाही. त्या मातीत राबणाऱ्या सर्वांचे आहे. बियाण्याच्या बाबतीत 2001 च्या कायद्याने शेतकऱ्याला आपल्या शेतातले बी राखण्याचा, पेरण्याचा, देण्याघेण्याचा आणि विकण्याचाही हक्क दिला आहे. फक्त संरक्षित वाणाचे बी कंपनीच्या छापाखाली विकता येत नाही.

तिसरी आणि सर्वांत कठीण गोष्ट उपयोगाची. औषध कपाटात आहे, रोगी दाराशी आहे, आणि मध्ये किंमत उभी आहे, अशा वेळी काय करावे? मूत्रपिंडाच्या व यकृताच्या कर्करोगावरील एका औषधाला महिन्याला सुमारे 2 लाख 80 हजार रुपये पडत. 2012 साली मुंबईच्या एकस्व कार्यालयातून आदेश निघाला आणि दुसऱ्या कंपनीला तेच औषध महिन्याला नऊ हजारांच्या आत विकण्याची सक्तीची परवानगी मिळाली. मूळ कंपनीला विक्रीवर 6 टक्के स्वामित्वधन देण्यात यावे, असेही ठरले. नाव राखले, लाभ राखला, आणि रोग्याची वाट मोकळी केली. क्षयरोगाची गोष्ट तर आपल्या दाराशीच आहे. औषधांना दाद न देणाऱ्या क्षयावरील बेडाक्विलिन या गोळीचा हक्क आणखी काही वर्षे वाढवून मिळावा, असा अर्ज होता. मुंबईच्या नंदिता वेंकटेशन आणि दक्षिण आफ्रिकेच्या फुमेझा टिसिले या दोघी क्षयातून वाचल्या. पण जुन्या इंजेक्शनांनी दोघींची श्रवणशक्ती गेली होती. त्यांनी त्या अर्जाला विरोध केला आणि मार्च 2023 मध्ये तो नाकारला गेला. आपल्या कायद्यात, एकस्व देण्यापूर्वी कोणीही विरोध नोंदवू शकतो. सामान्य माणसाच्या हाती असलेले हे दार पुष्कळांना ठाऊक नाही.

कंपन्यांची बाजूही ऐकली पाहिजे. एक औषध सिद्ध होईपर्यंत अनेक फसतात, खर्च अफाट होतो; लाभाची आशा नसेल तर पैसा कोण घालील? हा युक्तिवाद पोकळ नाही. परंतु याच हिशेबाने पाहिले, तर गरिबांच्या रोगांवर संशोधन होणारच नाही, कारण गरिबांजवळ लाभ देण्यास पैसा नाही. बाजार आशा देतो, पण कोणाला, हे तो खिसा पाहून ठरवतो. येथे तेराव्या शतकातील संत थॉमस अक्वायनस यांचा विचार मोलाचा वाटतो. वस्तू कमावण्यास व सांभाळण्यास खासगी मालकी योग्य आहे. परंतु उपयोगाच्या वेळी मनुष्याने ती सर्वांची मानावी, आणि जीवन-मरणाच्या गरजेत घेतलेले चोरी ठरत नाही, असे ते शिकवतात. पोप बेनेदिक्त सोळावे यांनी 2009 साली हाच धागा धरून, विशेषतः आरोग्याच्या क्षेत्रात, ज्ञानावरील हक्काचा अतिरेकी आग्रह धरणाऱ्या श्रीमंत देशांचे कान टोचले. मात्र या शिकवणुकीच्या आडोशाने कोणी फुकट्या होऊ नये. मरणाच्या दारातील रोग्याची गरज निराळी, आणि पायरेटेड सिनेमा पाहण्याची हौस निराळी.

तेव्हा वाचकहो, नाव कायमचे, लाभ मुदतीचा आणि गरजेच्या वेळी उपयोग सर्वांचा, अशी त्रिविध कसोटी आम्ही आपल्यापुढे ठेवतो. कायद्याची कलमे बदलत राहतील. 1856 पासून ती बदलतच आली आहेत. आपल्या घरातील अभियंत्याने दुसऱ्याचे काम आपल्या नावावर दाखवू नये, विद्यार्थ्याने प्रबंध उतरवून काढू नये, दुकानदाराने नकली छाप लावू नये; आणि ज्याला देवाने शोधक बुद्धी दिली, त्याने हक्काचा अर्ज अवश्य करावा, पण त्याच वेळी हेही ठरवावे, की ज्याला परवडत नाही त्याच्यासाठी आपल्या शोधातून कोणता पाट सोडणार.